पट्टीसाहेबांचा मेहुणा

साहेबांचे वडील शिंपी होते. नौदलाच्या तळाच्या मुख्य फाटकासमोर त्यांचं एका खणाचं दुकान होतं. तळावरच्या निम्म्या अधिकाऱ्यांच्या पँटी त्यांच्याच हातून उसवून, आत घेऊन, पुन्हा शिवून जायच्या. अधिकारी त्यांना "ए मास्तर" म्हणायचे, कुणी नुसतंच "ए". पुढे मुलगा परीक्षेत पहिल्या दहांत आला आणि नौदलाच्या अकादमीत गेला, तेव्हा मास्तरांनी चार दिवस खपून त्याचा पहिला गणवेश स्वतः शिवला. मुलाने तो अंगात घातला, आरशात पाहिलं, म्हणाला, "कॉलर बसत नाहीये." मग अकादमीच्या शिंप्याकडून दुसरा शिवून घेतला. मास्तर ही गोष्ट लोकांना हसत हसत सांगायचे म्हणे. "पोरगं माझ्यापेक्षा बारीक नजरेचं निघालं." मला हे खुद्द साहेबांनी सांगितलं, तेही चांगल्या शिस्तीचा नमुना म्हणून.

मी साहेबांचा लेखनिक. जहाजावर असताना त्यांचे हुकूम टाइप करायचो, जमिनीवर आल्यावर त्यांची पत्रं. ते उपकप्तान होते तेव्हापासून ते व्हाइस अ‍ॅडमिरल होऊन निवृत्त झाले तोवर, आणि त्यानंतरही. एवढी वर्षं एका माणसाच्या उजव्या हाताशी बसलं की त्याच्याबद्दल खरं बोलायची सवय जाते. मी प्रयत्न करतो.

खलाशांनी त्यांचं नाव पट्टी ठेवलं होतं. त्यांच्या खिशात सहा इंची लोखंडी पट्टी असायची. सकाळच्या तपासणीला चादरीची घडी, बुटांमधलं अंतर, टोपी भुवईच्या किती वर, सगळं ते त्या पट्टीने मोजायचे. "शिंप्याचा मुलगा, माप घेतल्याशिवाय राहतोय कुठे," असं लोक मागे म्हणायचे. पुढ्यात मात्र सगळ्यांच्या तोंडाला कुलूप. खरं सांगायचं तर साहेब वाईट अधिकारी नव्हते. लाच नाही, दारू नाही, वशिला नाही. बाकीच्यांचं कसं, आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं. साहेबांचं बरोबर उलटं होतं. जो आपला, त्याची खैर नाही.

त्यांची बायको शाळामास्तरांची मुलगी. आम्ही तिला वहिनी म्हणायचो. तिची आई लवकर गेली, तेव्हा धाकटा भाऊ दोन वर्षांचा होता आणि वहिनी दहा वर्षांची. त्याला न्हाऊमाखू घालणं, शाळेत सोडणं, मार खाऊन आला की मारणाऱ्याच्या घरी जाऊन भांडणं, सगळं तिनेच केलं. तो अभ्यासात यथातथाच. पण माणूस असा की खोलीत आला की खोलीतल्या लोकांना आपण उगाच गंभीर बसलो होतो असं वाटावं. त्याला नौदलातच जायचं होतं, साधा नौसैनिक म्हणून का होईना. वहिनींनी नवऱ्याला विचारलं होतं, "शब्द टाकाल का कुठे?"

"नाही," साहेब म्हणाले होते. "आणि मी त्याचा कोण हे त्याने कुठे सांगायचंही नाही."

तो कुणाच्या शब्दाशिवाय भरती झाला. पुढच्या वर्षी नेमका आमच्याच जहाजावर आला. बदल्यांच्या यादीत त्याचं नाव मीच आधी पाहिलं आणि साहेबांकडे घेऊन गेलो. म्हटलं, "सर, अजून वेळ आहे. दुसऱ्या जहाजावर पाठवता येईल."

साहेबांनी यादी परत माझ्याकडे सरकवली. "म्हणजे लोक म्हणतील, मेहुण्याला सोयीची जागा मिळवून दिली."

"इथे ठेवलं तरी म्हणतीलच, सर."

"इथे ठेवलं तर काय म्हणायचं ते मी ठरवीन."

आठवड्याभरात सगळ्या जहाजाला नातं कळलं. त्या दिवसापासून पोराला स्वतःचं नाव उरलं नाही. स्वयंपाक्यापासून कप्तानापर्यंत सगळे त्याला मेहुणा म्हणायचे. तो हाकेला ओ द्यायचा, वर म्हणायचा, "एकाचा होतो, आता दीडशे जणांचा झालो. ताईला सांगितलं पाहिजे, सासर वाढलं म्हणून."

दुसऱ्या कुणाच्या बुटाला डाग असला तर साहेब बोट दाखवून पुढे जायचे. मेहुण्याच्या बुटाला डाग असला तर तीन दिवस जादा पहारा. दुसरा दोन मिनिटं उशिरा आला तर ताकीद, मेहुणा आला तर बंदरात उतरायची परवानगी रद्द. पाच महिन्यांत त्याने जमिनीवर एकदाच पाय ठेवला, तोही दात काढायला. कप्तान मऊ माणूस होता, एकदा जेवताना म्हणाला, "अहो, पोराला थोडी हवा लागू द्या." साहेब म्हणाले, "माझ्या जागी तुम्ही असता तर तुम्हालाही हेच करावं लागलं असतं, सर." कप्तानाने वरणाची वाटी पुढे ओढली.

मेहुण्याने तक्रार कधी केली नाही. फक्त एकदा, मेसमध्ये, जेवणानंतर त्याने साहेबांची नक्कल केली. चमचा खिशातून पट्टीसारखा काढला, स्वयंपाक्याच्या पोटाला लावला, आणि साहेबांच्या आवाजात म्हणाला, "अर्धा इंच जास्त आहे. बायकोला कळवा." लोक बाकावरून खाली पडायच्या बेताला आले होते. मीही हसलो. दारात साहेब कधीपासून उभे होते कुणास ठाऊक.  त्यांनी टोपी सरळ केली आणि ते गेले.

चार दिवसांनी आम्हाला वादळाने गाठलं.

दुपारचे साडेतीन असतील. जहाजाच्या अगदी पुढच्या टोकाला, उघड्यावर, टेहळणीला एक माणूस उभा करायची रीत होती. समुद्र चढला की त्याला आत घेऊन, जहाज जिथून चालवतात त्या वरच्या ब्रिजवर उभं करायचं, हाही नियमच, पण ते कधी करायचं हे ब्रिजवरच्या अधिकाऱ्याने ठरवायचं. कप्तान तापाने केबिनमध्ये पडून होता. ब्रिजवर साहेब होते. मी हवामानाचा संदेश सहीसाठी घेऊन वर गेलो होतो आणि भिंतीला धरून उभा होतो, कारण दुसरं काही करणं शक्य नव्हतं. पुढच्या टोकाला पिवळ्या रेनकोटात मेहुणा होता. त्याने स्वतःभोवती दोर घेऊन तो कठड्याला बांधला होता. प्रत्येक लाटेला तो दिसेनासा व्हायचा, पुन्हा दिसायचा.

तेवढ्यात तांडेल वर आला. डेकवरचा सगळ्यात जुना माणूस, पंचेचाळिशीचा, पूर्वी मासेमारीच्या बोटींवर होता म्हणून त्याला सगळे तांडेल म्हणत. अंगावरून पाणी गळत होतं. तो सलाम करून म्हणाला, "सर, पुढच्या माणसाला आत घेतो. पाणी वरून जायला लागलंय."

साहेबांनी घड्याळ पाहिलं. "त्याची पाळी चारला संपते."

"चारपर्यंत तो कठडा राहील की नाही, सांगता येत नाही."

"अर्धा तास आहे, तांडेल."

तांडेलने तोंडावरचं पाणी पुसलं. मग त्याने जे विचारलं ते विचारायची हिंमत त्या जहाजावर दुसऱ्या कुणात नव्हती. "सर, तिथे दुसरा कुणी असता तर?"

"दुसरा कुणी असता तर आत घेतला असता," साहेब म्हणाले. आवाज चढलेला नव्हता. "तो आहे म्हणून नाही."

मी तीन हातांवर होतो. मला शब्दन् शब्द ऐकू आला.

चारला सात मिनिटं कमी असताना जहाजाचं तोंड पाण्याखाली गेलं, आणि वर आलं तेव्हा कठड्याचा दहा-बारा फुटांचा भाग नव्हता. दोर कठड्याला बांधलेला होता, त्यामुळे मेहुणा कठड्याबरोबरच गेला. तांडेल ओरडत खाली धावला. कप्तान ताप घेऊन वर आला, त्याने जहाज वळवलं. अंधार पडेपर्यंत आम्ही त्या पाण्यात चकरा मारत राहिलो. साहेब दुर्बीण डोळ्यांना लावून उभे होते. त्यांनी ती एकदाही खाली घेतली नाही, हेही सांगितलं पाहिजे.

बंदरात आल्यावर त्यांनी वहिनींना घरी जाऊन सांगितलं. मी मृतदेह न सापडलेल्या मृत्यूचे कागद घेऊन बरोबर गेलो होतो. वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्यांनी हात पदराला पुसले. मग म्हणाल्या, "त्याला थंडी वाजत होती का?"

"अंगात रेनकोट होता," साहेब म्हणाले.

चौकशी मंडळ बसलं. तीन मोठे अधिकारी, एक लांब टेबल, पाण्याचे तांबे. तांडेलने ब्रिजवरचं बोलणं जसंच्या तसं सांगितलं. मग मला बोलावलं. अध्यक्षांनी विचारलं, "तू तिथे होतास. उपकप्तान असं काही बोलल्याचं तू ऐकलंस?"

मी चोवीस वर्षांचा होतो. मला कुणी धमकी दिलेली नव्हती, आमिष दाखवलेलं नव्हतं. साहेब माझ्याकडे पाहतही नव्हते. जळात राहून माशाशी वैर कशाला, एवढाच विचार माझ्या डोक्यात होता. मी म्हणालो, "वाऱ्याचा आवाज फार होता, सर. ऐकू आलं नाही."

तांडेलने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. तो रागावलेला दिसला नाही. गर्दीत ओळखीचा वाटून हाक मारावी आणि माणूस भलताच निघावा, तसं त्याने पाहिलं.

निकाल आला. अपघात. शिवाय अध्यक्षांनी स्वतःच्या हाताने एक ओळ जास्तीची लिहिली होती, ती मीच टाइप केली: जवळच्या नातेवाइकालाही नियमातून सूट न देणारा हा अधिकारी निःपक्षपातीपणाचं उदाहरण आहे. तांडेलवर वरिष्ठाविरुद्ध खोटी साक्ष दिल्याचा ठपका आला. त्याची पायरी उतरवून त्याला किनाऱ्यावरच्या दोरखंडांच्या कोठारात पाठवलं. समुद्रावर वाढलेला माणूस, निवृत्त होईपर्यंत ट्यूबलाइटखाली दोर मोजत बसला. माझी नेमणूक महिन्याभरात साहेबांच्या खास लेखनिकपदी झाली. ना त्यांनी काही मागितलं, ना मी काही दिलं, पण व्यवहार झाला.

त्या एका ओळीवर साहेब चढत गेले. कप्तान, मग कमोडोर. मधली तीन वर्षं अकादमीत शिकवायला होते, तिथे शिस्तीवरच्या व्याख्यानात ते ही हकिकत सांगायचे. पहिल्या वर्षी म्हणायचे, "मी नियम पाळला." दुसऱ्या वर्षी म्हणायला लागले, "मी त्याला निरोप पाठवला होता." तिसऱ्या वर्षी मेहुणा निरोपाला उत्तर द्यायला लागला: "साहेबांना सांगा, पाळी संपवूनच येतो." मुलांच्या डोळ्यांत पाणी यायचं. भाषणाची प्रत दर वर्षी मीच करायचो आणि नवी वाक्यं नीट बसवून द्यायचो.

वार्षिक समारंभाला एकदा वहिनी पहिल्या रांगेत होत्या. साहेबांनी हकिकत सांगितली. चारशे पोरं उभी राहून टाळ्या वाजवत होती. वहिनींचे हात मांडीवर होते. परतताना गाडीत साहेबांनी त्यांना विचारलं, "आवाज शेवटपर्यंत पोचत होता ना?"

"पोचत होता," वहिनी म्हणाल्या.

साहेब व्हाइस अ‍ॅडमिरल झाले तेव्हा त्यांना टेकडीवरचा बंगला मिळाला, पुढे हिरवळ, मागे नोकरांच्या खोल्या. मुलगी लग्न होऊन दुसऱ्या शहरात गेली होती. आता वर एकच खुर्ची उरली होती, नौदलप्रमुखाची, आणि दोन नावांत साहेबांचं एक होतं. त्याच दिवसांत बंगल्यावर फोन आला. तांडेलची मुलगी बोलत होती. वडील शेवटच्या घटका मोजतायत, वहिनींना भेटायचं म्हणतात.

वहिनी मला म्हणाल्या, "मला रस्ता माहीत नाही. तुम्ही चला."

जावंसं वाटत नव्हतं, पण नाही म्हणायला कारण सापडेना. तांडेलच्या मुलीचं इस्त्रीचं दुकान होतं, मागच्या खोलीत तो पडलेला. खोलीत कोळशाचा आणि ओल्या कापडाचा वास होता. तो इतका वाळला होता की पांघरुणाखाली माणूस आहे हे सांगावं लागावं. मला पाहून त्याने डोळे मिटले आणि वहिनींना म्हणाला, "ताई, तुमचा भाऊ तुम्हाला ताई म्हणायचा म्हणून मीही म्हणतो. मी त्याला आत घ्यायला गेलो होतो. मला घेऊ दिलं नाही." मग त्याने ब्रिजवरचं बोलणं सांगितलं. बावीस वर्षांनी एक शब्द इकडचा तिकडे झाला नव्हता.

गाडीत वहिनी बाहेर बघत होत्या. मग विचारलं, "तुम्ही होतात ना तिथे?"

"होतो."

"ऐकलंत?"

त्या माणसाच्या खोलीतून नुकताच बाहेर पडलो होतो. खोटं जिभेवर आलंच नाही. "ऐकलं, वहिनी."

"बरं," त्या म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी नेहमीप्रमाणे टपाल घेऊन बंगल्यावर गेलो. साहेब उकडलेलं अंडं खात होते. वहिनी समोर बसल्या होत्या, पुढ्यातला चहा तसाच होता. मी आलेला पाहून त्यांनी नवऱ्याला विचारलं, "तो आहे म्हणून नाही, असं म्हणाला होतात तुम्ही?"

साहेबांनी चमचा खाली ठेवला. त्यांच्या चेहऱ्यावर मी अपराध शोधला, मला सापडला नाही. खरंखुरं नवल होतं. "कुणी सांगितलं? मी त्याला निरोप पाठवला होता. तोच म्हणाला, पाळी संपवून येतो. सगळ्या अकादमीला माहीत आहे."

"लेखनिक," वहिनी माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "काल मला सांगितलंत ते यांना सांगा."

माझ्या हातात टपाल होतं. खिडकीतून माळी पाइपने हिरवळीला पाणी घालताना दिसत होता.  मी म्हणालो, "वाऱ्याचा आवाज फार होता, वहिनी."

"झालं समाधान?" साहेब म्हणाले आणि अंडं पुढे ओढलं.

वहिनी उठल्या. माझ्याजवळून जाताना थांबल्या, हळू म्हणाल्या, "त्यांचं एक वेळ समजू शकते. तुम्हाला काय कमी पडलं होतं हो?" उत्तराची वाट न बघता आत गेल्या. दोन दिवसांनी दोन बॅगा घेऊन मुलीकडे गेल्या त्या परत आल्या नाहीत. साहेबांनी लोकांना सांगितलं, टेकडीची हवा मानवत नाही. तांडेल त्याच आठवड्यात गेला.

नौदलप्रमुखाची खुर्चीही मिळाली नाही. यात न्यायबिय काही नव्हता. दुसऱ्याची वरपर्यंत ओळख होती, एवढंच. ज्या माणसाने जन्मभर वशिला लावला नाही, तो शेवटी वशिल्याने हरला. हे त्यांना फार लागलं. मेहुण्याचं कधी एवढं लागलेलं मी पाहिलं नव्हतं.

निवृत्तीनंतर ते शहराबाहेरच्या एका फ्लॅटमध्ये राहिले, तीन खोल्या, एक स्वयंपाकी. मी रोज दहाला जायचो, ते आत्मचरित्र सांगायचे, मी लिहून घ्यायचो. वादळाच्या प्रकरणाला आम्ही पोचलो तोवर त्यांची स्मृती ढिली व्हायला लागली होती. ते म्हणाले, "लिहा. मी स्वतः डेकवर उतरलो. त्याला दोनदा हाक मारली. तो वळला, हसला, आणि हात हलवून नको म्हणाला." एवढं बोलून ते थांबले. मी वर पाहिलं तर ते रडत होते. ढसाढसा, खांदे हलवून, म्हाताऱ्या माणसाने रडावं तसे. "माझ्या डोळ्यांसमोर गेला हो पोरगा. मी हात पुढे केला होता."

मी रुमाल दिला. पाणी दिलं. आणि वाक्य पूर्ण करून घेतलं.

पुस्तक छापून आलं, नौदलाच्या ग्रंथालयांनी घेतलं. साहेब एकोणसत्तराव्या वर्षी गेले. बंदुकांची सलामी झाली. भाषणात एका तरुण अधिकाऱ्याने तीन हाकांची गोष्ट सांगितली. मुलगी आली होती, एकटी.

मग मी बसलो आणि सगळं खरं लिहून काढलं. अकरा पानं, खाली सही. ते घेऊन वहिनींकडे गेलो. त्यांनी दार उघडलं, आत या म्हणाल्या नाहीत. चौकटीत उभ्या राहून, चष्मा लावून, अकराही पानं वाचली. मी जिन्यात उभा. वाचून झाल्यावर पानं घडी करून माझ्या हातात दिली.

"मला हे माहीत आहे," त्या म्हणाल्या. "ज्याला खोटं ठरवलंत त्याच्या घरी नेऊन द्या."

"तांडेल गेला, वहिनी. अकरा वर्षं झाली."

"म्हणूनच आता लिहिता आलं तुम्हाला," त्या म्हणाल्या आणि दार लावून घेतलं.

तांडेलच्या मुलीने इस्त्री बाजूला ठेवून पहिलं पान वाचलं आणि बाकीची तशीच ठेवून घेतली. बसा म्हणाली नाही. तिने ती मुख्यालयाकडे पाठवली. वडिलांवरचा ठपका काढावा, त्यांची पायरी परत द्यावी, असा अर्ज जोडला. सात महिन्यांनी उत्तर आलं. त्याची एक प्रत तिने मला टपालाने पाठवली, बरोबर चिठ्ठी नाही, काही नाही. त्यात लिहिलं होतं की त्या चौकशीचे कागद मुदत संपल्यामुळे नष्ट करण्यात आले आहेत, साक्षीदाराने आपली साक्ष आता बदलण्याचं कारण समजत नाही, आणि घटनेच्या माहितीसाठी अर्जदाराने दिवंगत व्हाइस अ‍ॅडमिरल यांचं आत्मचरित्र, प्रकरण नववं, पाहावं.

ते प्रकरण मी दोनदा टाइप केलं होतं. साहेबांना दुसऱ्या मसुद्यात तिसरी हाक हवी होती.